आजीचा डावा गाल

माझ्या धाकट्या दिरांचा धंदा काय, असं कुणी विचारलं की मी सांगते, "पाण्यात उभे राहतात." लोकांना वाटतं वहिनी चेष्टा करतेय. चेष्टा नाही. छातीपर्यंतची रबरी विजार चढवून, खांद्यावर कॅमेरा घेऊन ते सहा सहा तास नदीत उभे असतात आणि शेजारच्या माणसाच्या गळाला मासा लागायची वाट बघतात. लागला की त्याचं चित्रण करतात, मासा पाण्यात परत जातो, आणि हे ओले मोजे घेऊन माझ्या खोलीत येतात. उंच, काटकुळे, मान जरा पुढे आलेली. सगळे त्यांना बगळा म्हणतात. फरक एवढाच, की खऱ्या बगळ्याला शेवटी मासा खायला मिळतो.

मी संकलक आहे. भाऊजींनी चाळीस तासांचं पाणी आणलं की मी त्याचं चाळीस मिनिटांचं करते. घराच्या मागच्या खोलीत, खिडकीला काळं कापड लावून, दोन पडद्यांसमोर माझा जन्म चाललाय. दुसऱ्या पडद्याची पाठ गरम असते म्हणून भाऊजी तिथे मोजे वाळत घालतात. वीस वर्षं मी त्यावरून ओरडतेय आणि वीस वर्षं ते "हो वहिनी" म्हणतायत.

माझी एक खोड आधीच सांगून टाकते, कारण पुढे तीच नडली. मला उजवं-डावं कळत नाही. ज्या हाताला घड्याळ तो डावा, एवढीच माझी विद्या. घड्याळ काढून ठेवलं की मी कामातून गेले. गाडीत शेजारी बसून रस्ता सांगायची मला घरात बंदी आहे.

भाऊजी आधी कारखान्यांसाठी फिल्म करायचे. शिरस्त्राण घाला, चालू यंत्रात हात घालू नका, असल्या. एकदा एका पुलाच्या तपासणीचं काम आलं. पुलाखाली एक गृहस्थ गळ टाकून उभे होते. भाऊजी परत आले तेव्हा पुलाचं चित्रण होतं चार मिनिटं आणि त्या गृहस्थांचं तीन तास. ते काम गेलं. गृहस्थ मात्र राहिले. ते म्हणजे आमचे मास्तर. शाळेत भूमिती शिकवायचे, आता निवृत्त. सुट्टी मिळाली की काठी आणि रीळ घेऊन रानात जायचे, मासा पकडायचे आणि सोडून द्यायचे. "सोडायचाच असतो तर पकडता कशाला?" असं माझा नवरा दरवर्षी त्यांना विचारतो. त्याचं चष्म्याचं दुकान आहे, त्याला प्रत्येक गोष्ट स्पष्ट लागते. मास्तर दरवर्षी नुसते हसतात.

भाऊजींनी स्वतः आयुष्यात काठी हातात धरलेली नाही. त्यांच्या फिल्ममध्ये मासा असतो जेमतेम चार मिनिटं. बाकी सगळं रान. धुक्यात अर्धे बुडालेले डोंगर, लव्हाळी, एखाद्या खडकावर सकाळपासून संध्याकाळपर्यंत सरकणारी सावली. हे बघायला माणसं येतात आणि गप्प बसून बघतात, याचं मला पहिली काही वर्षं नवलच वाटायचं. नंतर मीही गप्प बसून बघायला लागले.

मास्तरांचा एक नियम आहे. मासा पाण्याबाहेर फक्त दहा आकडे. तो वर आला की वर्गात म्हणायचे तशा खणखणीत आवाजात ते मोजायला लागतात, एक, दोन, तीन, आणि दहा झाले की मासा पाण्यात. तेवढ्यात भाऊजींनी काय घ्यायचं ते घ्यायचं. मास्तर उजव्या हाताने शेपूट धरतात, डावा हात पोटाखाली. त्यामुळे कॅमेऱ्याला दरवेळी माशाची उजवीच बाजू दिसते. दहा आकड्यांत त्याला फिरवून दुसरी बाजू कोण दाखवत बसणार? वीस वर्षांत आम्ही कुठल्या माशाचा डावा गाल बघितला नव्हता, आणि त्याचं कुणाला काही वाटलंही नव्हतं.

गाल म्हणजे कल्ल्यावरचं ते टणक झाकण. आमच्यात त्याला गालच म्हणतात, कारण ठिपके तिथे असतात. प्रत्येक माशाचे ठिपके वेगळे. मास्तरांनी मला हे दहादा सांगितलंय: आपल्या अंगठ्यावरच्या रेघा तसे त्याचे ठिपके, आणि एकाच माशाचे दोन गालही कधी सारखे नसतात.

अकरा वर्षांपूर्वी, गाडीरस्ता संपल्यावर दोन तास चालल्यावर जो डोह लागतो, तिथे मास्तरांच्या गळाला माझ्या हाताएवढा लांब मासा लागला. गालावर एका ओळीत तीन काळे ठिपके आणि खाली एक. मी ती फिल्म जुळवली. फिल्ममधलं त्या गालाचं चित्र काढून भाऊजींना दिलं. त्यांनी त्याला प्लॅस्टिक चढवून कार्ड केलं आणि शर्टाच्या खिशात ठेवलं. दुसऱ्या वर्षी तो मासा मिळाला नाही. तिसऱ्या वर्षी त्याच डोहात एक मोठी मादी लागली. भाऊजींनी कार्ड काढलं. ओळीत तीन, खाली एक.

"वहिनी, तीच!" घरात पाऊल टाकायच्या आधी ते दारातून ओरडले होते. त्यांना ओरडताना मी तेव्हा पहिल्यांदा ऐकलं. तिचं नाव आजी पडलं.

मग सहाव्या वर्षी आजी भेटली, आठव्या वर्षी भेटली आणि यंदाही भेटली. दरम्यान त्या डोहात लागलेला प्रत्येक मासा कार्डाशी ताडून बघितला जायचा. ठिपके जुळले नाहीत की भाऊजी म्हणायचे, "ही नाही, मास्तर. सोडा." मग मास्तरही दहापर्यंत मोजायचे नाहीत, तीन-चारवरच सोडून द्यायचे. मध्ये एकदा समुद्राचं दोन वर्षांचं मोठं काम चालून आलं होतं. भाऊजी नको म्हणाले. "आजी वाट बघेल."

"मासा कुणाची वाट बघत नाही, भाऊजी," मी म्हटलं.

"मग मी बघेन," ते म्हणाले.

त्यातून उभी राहिली यंदाची फिल्म. एक डोह, एक मासा, अकरा वर्षं. भाऊजींनी लग्न केलं नाही, घर बांधलं नाही, आमच्या वरच्या खोलीत राहिले. आयुष्यात काय केलंस असं कुणी विचारलं असतं तर दाखवायला त्यांच्याकडे हीच गोष्ट होती. शनिवारी वाचनालयाच्या सभागृहात पहिला खेळ ठरला होता. फिल्म जुळवून झाली होती. हत्ती गेला होता, शेपूट राहिलं होतं: मास्तरांचे आकडे स्वच्छ आवाजात मुद्रित करायचे आणि भाऊजींचं शेवटचं निवेदन.

सोमवारी मास्तर आले. कोपऱ्यात घोंगड्या टांगून मी आवाजासाठी आडोसा केलाय. तिथे उभं राहून त्यांनी एक ते दहा मोजलं. प्रत्येक आकडा कोनमापकाने मोजून काढल्यासारखा. मग चहाचा कप घेऊन ते भिंतीवरच्या मोठ्या फोटोसमोर उभे राहिले. पहिल्या फिल्ममधलंच ते चित्र: मास्तर गुडघाभर पाण्यात, हातात तो मासा, एका हाताला पांढरी पट्टी.

"त्या दिवशी सकाळीच गळ घुसला होता तळहातात," ते म्हणाले. "हा बघा, व्रण आहे अजून." त्यांनी उजवा तळहात पुढे केला. अंगठ्याच्या बुडाशी पांढरी रेघ होती.

मी व्रण बघितला, फोटो बघितला, माझं घड्याळ बघितलं.

"मास्तर, फोटोत पट्टी डाव्या हाताला आहे."

"छे हो. तो आपल्याकडे तोंड करून उभा आहे ना? म्हणजे त्याचा हा..." ते थांबले. त्यांनी कप खाली ठेवला आणि फोटोतल्यासारखे हात करून उभे राहिले. मी त्यांच्यासमोर उभी राहिले. मग आम्ही जागा बदलली. मग पुन्हा बदलली. कुणी बाहेरून बघितलं असतं तर दोघांना आत टाकलं असतं.

"डावाच आहे," मास्तर शेवटी म्हणाले. "मग डाव्याच हातात घुसला असेल."

"मग हा व्रण कसला?"

"हो ना. हा कसला बरं?" चाळीस वर्षं भूमिती शिकवलेला माणूस दोन्ही तळहात समोर धरून, आलटून पालटून बघत माझ्या घरातून बाहेर पडला. मला हसू आलं, पण ते पुरतं आलं नाही. काहीतरी चुकलंय एवढं कळत होतं. काय ते कळत नव्हतं, आणि उजव्या-डाव्याचा प्रश्न असल्यामुळे चूक माझ्याच डोक्यात असणार असंही वाटत होतं.

मंगळवारी दुपारी मी नवऱ्याच्या दुकानात गेले. दुकान आखूड. नजर तपासायचा अक्षरांचा तक्ता गिऱ्हाइकाच्या डोक्यामागे टांगलेला असतो आणि गिऱ्हाईक समोरच्या आरशात बघून तो वाचतं. खुर्ची रिकामी होती. मी उभी होते आणि सरळ त्या तक्त्याकडेच बघत होते. सगळी अक्षरं उलटी.

"अहो, हा तक्ता उलटा छापलाय."

"तो उलटाच छापतात. आरशात सुलटा दिसतो," नवरा म्हणाला. "लग्नाला सव्वीस वर्षं झाली. आज दिसला का?"

मी तिथल्या खुर्चीत बसले.

आमच्या धंद्यात शॉट उलटा करतात. म्हणजे आरशात दिसतो तसा. आजीच्या त्या पहिल्या फिल्ममध्ये आधीच्या शॉटमध्ये मासा दोर एका बाजूला ओढत होता, आणि पुढच्या, जवळून घेतलेल्या शॉटमध्ये त्याचं तोंड बरोबर विरुद्ध बाजूला. बघणाऱ्याला वाटतं मासा उलटा फिरला. मग संकलक एक बटण दाबतो आणि तोंड हवं तिकडे वळतं. चित्रात कुठे अक्षरं नसली की कुणाच्या बापाला कळत नाही. मी डोंगर उलटे केलेत, पक्ष्यांचे थवे उलटे केलेत. अकरा वर्षांपूर्वी मी तो मासा उलटा केला होता, आणि विसरून गेले होते.

मी नवऱ्याला पट्टी, व्रण, बटण, सगळं सांगितलं. "म्हणजे कार्डावरचा गाल..." मी म्हटलं.

नवऱ्याने मला आरशासमोर उभं केलं. माझ्या गालावरच्या तिळाला बोट लावलं. एकदा गालावर, एकदा आरशावर. "हा तीळ खरा कुठल्या गालावर? आणि समोर जी बाई दिसतेय तिच्या कुठल्या?" माझं डोकं गरगरायला लागलं. शेवटी त्यानेच सांगितलं, सावकाश, गिऱ्हाइकाला चष्म्याचा नंबर सांगतो तसं. पट्टी बांधलेल्या उजव्या हाताने शेपूट धरता येईना म्हणून त्या एका दिवशी मास्तरांनी मासा दुसऱ्या बाजूने धरला. म्हणून त्या एका दिवशी कॅमेऱ्याला डावा गाल दिसला. मी शॉट उलटा केला आणि फिल्ममध्ये तो उजवा झाला. कार्डावरही तोच आला. आणि भाऊजी वर्षानुवर्षं ते ठिपके उजव्या गालावर शोधत राहिले, जिथे ते कधी नव्हतेच.

"पण सापडले की त्यांना. चार वेळा."

"दुसऱ्याच माशाच्या उजव्या गालावर सापडले," नवरा म्हणाला. "त्याच डोहातला. असेल तिचीच कुणी लेक-नात."

"मग आजी कुठली? पहिली की दुसरी?"

"ते मला विचारू नकोस. माझं काम चष्म्यापर्यंत." पण त्याचाही चेहरा उतरला होता. धाकटा भाऊ आहे शेवटी. थोड्या वेळाने म्हणाला, "शनिवार जाऊ दे. झाकली मूठ सव्वा लाखाची. माशाला काय फरक पडतो?"

"माशाला नाही पडत," मी म्हटलं.

घरी येऊन मी माळ्यावरून पत्र्याची पेटी काढली. फिल्म एकदा जुळवून झाली की मूळ चित्रण कुणी बघत नाही. नव्या फिल्मसाठीसुद्धा मी तो शॉट जुन्या तयार फिल्ममधूनच उचलला होता, आळसाने. मूळ चित्रण लावलं. मासा बरोबर उलट्या बाजूला तोंड करून होता. पट्टी मास्तरांच्या उजव्या हाताला होती. भाऊजींना इतकी वर्षं हे कसं आठवलं नाही, असं मला आधी वाटलं होतं. पण चित्रण करणाऱ्या माणसाला प्रसंग आठवत नाही, त्याची फिल्म आठवते. आणि फिल्म मी केलेली.

बुधवारी भाऊजी निवेदनाचा कागद घेऊन आले. गुणगुणत होते. हा माणूस गुणगुणतो हे मला वीस वर्षांत माहीत नव्हतं. कागदावर शेवटची ओळ होती: अकरा वर्षं, एक मासा.

"चांगली आहे का वहिनी?"

"चांगली आहे," मी म्हटलं. "पण आज माइक नीट चालत नाहीये. उद्या करू."

माइक उत्तम चालत होता. ते गेल्यावर मी तो कागद पुन्हा पुन्हा वाचला. मला भीती वाटत होती, सरळ सांगायचं तर. आपलेच दात आणि आपलेच ओठ. सांगितलं तर त्यांची अकरा वर्षं मी मोडणार, नाही सांगितलं तर शनिवारी शंभर माणसांसमोर ते अगदी मनापासून खोटं बोलणार, आणि ते खोटं माझं असणार. कुठल्याही बाजूने बघितलं तरी सुलटं दिसेना.

गुरुवारी सकाळी सांगून टाकलं. आधी त्यांना कळलंच नाही. मी मूळ चित्रण दाखवलं, फिल्म दाखवली, मास्तरांचा हात दाखवला, तीळसुद्धा दाखवला. समजावता समजावता माझाच गोंधळ झाला आणि एकदा मी घड्याळाचा हात उजवा म्हणून बसले. त्यांनी खिशातून कार्ड काढलं. खिडकीवरचं काळं कापड बाजूला केलं आणि कार्डाची पांढरी पाठ आपल्याकडे करून ते उजेडाला धरलं. मागून ठिपके उमटले, दुसऱ्या बाजूला. अकरा वर्षांत ती पहिल्यांदाच होती तशी दिसली.

"बटण दाबायच्या आधी मला विचारायचं होतंत," ते म्हणाले.

"तुम्ही नदीत होता, भाऊजी."

"मी नेहमीच नदीत असतो." आवाज चढला होता. "म्हणून काय कुणीही माझा मासा फिरवायचा?"

चुकलं, एवढंच मी म्हटलं. ते ऐकायला ते थांबले नाहीत. मागच्या अंगणात जाऊन भिंतीला टेकून उभे राहिले, एक पाय भिंतीला लावून. तासभर तसेच. मी खिडकीतून बघत होते आणि मला रडू येत होतं. एरवी त्या उभं राहण्याची मी चेष्टा केली असती.

परत आले तेव्हा मला वाटलं, आता शनिवारचा खेळ रद्द करा म्हणतील. ते दारातच थांबले.

"मग पहिली कुठे गेली, वहिनी?"

"अं?"

"दुसरीला आपण चार वेळा भेटलो. पहिलीला एकदाच. ती पण त्याच डोहातली ना? मग ती परत गळाला लागलीच नाही? अकरा वर्षांत?"

आम्ही एकमेकांकडे बघितलं. दोघांच्याही डोक्यात एकदमच आलं असावं.

पेटीत एक वेगळा डबा असतो, त्यावर 'नको' असं लिहिलंय. त्या डोहात लागलेले आणि कार्डाशी न जुळलेले सगळे मासे त्यात. मी फेकून काही देत नाही, त्यावरूनही घरात बोलणी खाल्लीत. आम्ही दुसऱ्या वर्षापासून सुरुवात केली. मासा वर येतो, मास्तर मोजतात, एक, दोन, तीन. मग भाऊजींचा आवाज: "ही नाही, मास्तर. सोडा." पुढचा मासा. "ही नाही, मास्तर. सोडा." एका ठिकाणी त्यांना खोकला झालेला. एका ठिकाणी मागे वारा. शब्द तेच. भाऊजी माझ्या शेजारी बसून स्वतःचा आवाज ऐकत होते. दर "सोडा"ला त्यांची मान थोडी खाली जायची.

पाचव्या वर्षीचा चौथा मासा मोठा होता. "केवढी थोरली आहे रे!" असं मास्तर मोजायच्या आधी म्हणाले. उजवा गाल अगदी कोरा, एकही ठिपका नाही. एक, दोन, तीन, चार. "ही नाही, मास्तर. सोडा." मास्तरांनी ती पाण्यात सोडली. पाणी उथळ होतं. तिला क्षणभर तोल सापडला नाही आणि ती एका कुशीवर कलंडली. कॅमेरा सवयीने चालूच होता. डावा गाल वर आला, त्यावर ऊन पडलं. ओळीत तीन ठिपके, खाली एक. मग ती सरळ झाली आणि गेली.

मी चित्र मागे नेऊन थांबवलं. शॉट उलटा नव्हता, मी दोनदा तपासलं. भाऊजींनी कार्डाची पाठ आपल्याकडे करून ते पडद्याला लावलं. पडद्याच्या उजेडात ठिपक्यावर ठिपका बसला.

काखेत कळसा आणि गावाला वळसा, हे माझ्या अगदी जिभेवर आलं होतं. गिळून टाकलं.

"मास्तर म्हणत होते, केवढी थोरली आहे," भाऊजी म्हणाले. "मी वर बघितलंच नाही वहिनी. मी कार्ड बघत होतो."

"कार्ड मी दिलं होतं."

"बघत मी होतो." त्यांनी ते कार्ड टेबलावर ठेवलं. राग गेलेला दिसत होता, पण तो गेल्यावर खाली जे राहिलं होतं ते मला बघवेना. "परत लावा."

मी परत लावलं. पाच वेळा लावलं. मग त्यांनी निवेदनाचा कागद ओढून घेतला, शेवटची ओळ खोडली आणि तिच्याखाली नवीन लिहिलं. माइक नीट आहे ना, असं त्यांनी विचारलं. नीट आहे म्हटलं. कालही नीटच होता, हे त्यांना कळलं असावं.

"हा शॉट शेवटी घ्या," ते म्हणाले. "माझा आवाज काढू नका. आणि सुलटाच ठेवा."

"ठेवते."

उठून दारापर्यंत गेले आणि वळले. "मास्तरांचे दहाच्या दहा आकडे आहेत ना तुमच्याकडे? सोमवारचे?"

"आहेत."

"तिला चारच मिळाले. उरलेले सहा द्या."

शुक्रवारभर मी तेच केलं. शनिवारी सभागृह भरलं. मास्तर पहिल्या रांगेत, नवरा त्यांच्या शेजारी, भाऊजी आणि मी शेवटी, भिंतीजवळ. मास्तरांना आम्ही आधी सगळं सांगितलं होतं. व्रणाचा उलगडा झाल्यामुळे त्यांचा जीव भांड्यात पडला होता, आणि मग माशाचं ऐकून तो पुन्हा बाहेर आला होता.

डोंगर झाले, धुकं झालं, आजी चार वेळा भेटून झाली. मग भाऊजींचं निवेदन आलं: "या डोहात दोन मासे होते. एकीला मी आजी म्हणालो. दुसरीला मी ओळखलं नाही." पडद्यावर पाचवं वर्ष आलं. एक, दोन, तीन, चार. "ही नाही, मास्तर. सोडा." ती कलंडली, गाल वर आला, ती गेली. मागे नुसतं पाणी राहिलं. त्या पाण्यावर मास्तरांचा सोमवारचा आवाज पुढे मोजायला लागला. पाच. सहा. पहिल्या रांगेतले मास्तर मान वर करून ऐकत होते. सात. आठ. नऊ.

दहा झाले, आणि अंधारात माझ्या शेजारून भाऊजी हळूच म्हणाले, "आता सोडा."